चिखलाणचा गाळ

सातपूर, नाशिक
२२ नोव्हेंबर २००७

प्रिय किशोर,

दिवाळीला तू आला नाहीस ते एका अर्थी बरंच झालं. आला असतास तर भाऊबीजेला मी तुला पाटावर बसवून ओवाळलं असतं, आणि ओवाळताना जे मनात साठलंय ते तुझ्या तोंडावर बोलून गेले असते. तू म्हणशील, ताई पुन्हा चिडली. चिडले नाही रे. चिडले की मी भांडी आपटते, दोन तासांनी विसरते, हे तुला माहीत आहे. हे वेगळं आहे. अर्धा पेला दूध पिऊन झाल्यावर तळाशी पाल दिसावी, तसं गेले कित्येक महिने मला होतंय. शिसारी म्हणतात त्याला. आणि त्यातली निम्मी मला माझीच येते, म्हणून पत्र लांबणार आहे. बसून वाच.

आधी सगळं सुरुवातीपासून लिहिते. तू इतक्या ठिकाणी इतकं वेगळं सांगितलंयस की तुला स्वतःलाच खरं काय ते आठवत नसेल अशी मला शंका येते.

नव्वद सालच्या हिवाळ्यात आप्पांच्या कंपनीची सहल नांदूरमध्यमेश्वरला गेली होती. आप्पा सटाण्याकडचे, बागलाणातले. त्यांच्या गावात पाणी म्हणजे टँकर आणि हंड्यांची रांग. नांदूरला त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा गुडघाभर पाणी नजर पोचेल तिथवर पसरलेलं पाहिलं. त्यात उभं गवत, गवतात पक्षी, आणि त्या पाण्यावर कुणाचा पंप नाही की पहारा नाही. परतल्यावर तिसऱ्या दिवशी कंपनीतली पहिली पाळी करून आले, चहाची बशी खाली ठेवली आणि म्हणाले, "पोरांनो, बागलाण संपलं की डोंगर उतरायचा. तिथून पुढं चिखलाण लागतं. माहीत शे का?" तू नऊ वर्षांचा होतास. लगेच भूगोलाचं पुस्तक काढून नकाशात बोट फिरवायला लागलास. "नकाशात नाही सापडणार," आप्पा म्हणाले, "ते एका जागी राहत नाही."

आठवलं? चिखलाणातली गावं लव्हाळ्याच्या मुळांच्या जाड गाद्यांवर वसलेली. पूर आला की गावंच्या गावं सुटायची आणि पाणी उतरलं की भलत्याच ठिकाणी टेकायची. काल ज्याच्याशी भांडण झालं तो आज तीन कोसांवर, आणि शेजारी कुणी अनोळखी. म्हणून तिथं कुणाची जमीन नाही, बांध नाही, सातबारा नाही. तिथली माणसं पत्ता सांगत नाहीत, चिखलाचा वास सांगतात. दुधाळ वासाच्या चिखलाकडं बाळंतिणी राहतात, लोखंडाच्या वासाच्या चिखलाकडं लोहार. दोन गावं एकमेकांना टेकली तरच लग्न लागायचं, म्हणून एका नवरीला अकरा वर्षं वाट बघावी लागली. मी विचारलं होतं, तोवर तिनं काय केलं? आप्पा म्हणाले, "होडी बांधायला शिकली. बाराव्या वर्षी तीच निघाली." तेरा वर्षांच्या पोरीला हे उत्तर देणारा बाप सातपूरच्या कॉलनीत दुसऱ्या कुणाचा होता, सांग मला.

आणि गाळ्या. तुझा लाडका होता तो. एका गल्लीएवढा मोठा, पाठीवर शेवाळ, दिवसभर तळाशी चालत राहायचा. वाहत्या पाण्यातला गाळ गालात भरायचा आणि जिथं जमीन कमी पडते तिथं नेऊन ठेवायचा. त्यामुळे नवी बेटं तयार व्हायची आणि पाणीही मोकळं राहायचं. तो कधी बोलायचा नाही. का बोलत नाही, असं तू रोज विचारायचास आणि रोज तेच उत्तर मागायचास. "तोंड भरलेलं असतं त्याचं. बोलला तर बेट सांडेल." मग तू आप्पांच्या पाठीवर बसून मोरीपासून दारापर्यंत फेऱ्या मारायचास, तेही आठ तास लेथवर उभं राहून आलेल्या माणसाच्या पाठीवर.

त्र्याण्णव साली आप्पांच्या डाव्या पायावर लेथवरचा जॉब, लोखंडाचा जड तुकडा, पडला, तेव्हापासून ते पाय किंचित ओढत चालतात. तरीही फेऱ्या थांबल्या नव्हत्या. तू मोठा झालास, म्हणून थांबल्या.

अठ्ठ्याण्णवला कंपनी बंद पडली. बाकीच्यांनी रिक्षा घेतल्या, कुणी वॉचमन झाले. आप्पांनीही काही महिने छोट्या वर्कशॉपमध्ये काम केलं, पण पाय साथ देईना. त्या दोन वर्षांत त्यांनी चिखलाण लिहून काढलं. इन्स्पेक्शनची सात कोरी रजिस्टरं स्टोअरवाल्यानं त्यांना आठवण म्हणून दिली होती, त्यांत. आप्पा नववी शिकलेले, पण अक्षर असं की युनियनचा फलक कायम तेच लिहायचे. तुझ्या प्रत्येक प्रगतिपुस्तकावर त्यांची सही आहे. 'मोतीराम आहेर', त्यातल्या शेवटच्या र ची शेपटी पार रेघेबाहेर गेलेली. बाईंनी तुला एकदा विचारलं होतं, वडील ड्रॉइंग मास्तर आहेत का? घरी येऊन तूच सांगितलं होतंस, छाती फुगवून.

दोन हजार दोनच्या मे महिन्यात तू मुंबईहून आलास. जाहिरातींच्या नोकरीला तेव्हा तुला वर्षही झालं नव्हतं. म्हणालास, "ताई, आप्पांचं हे कॉम्प्युटरवर यायला हवं, नाहीतर वाळवी खाईल." मी नुकतंच झेरॉक्स आणि मराठी टायपिंगचं दुकान टाकलं होतं. गिऱ्हाईक नसेल त्या वेळात, तीन महिने, मी ती सातही रजिस्टरं टाइप केली. म्हणून तुझं पुस्तक हातात आलं तेव्हा मला ते वाचावं लागलंच नाही. बोटांना पाठ होतं. तू सीडी नेलीस, वर "ओरिजिनलपण राहू दे माझ्याकडे" म्हणून रजिस्टरंही नेलीस. मीच ती प्लास्टिकमध्ये गुंडाळून, सुतळीनं बांधून तुझ्या बॅगेत ठेवली. वर लाडू ठेवले. माझ्या त्या हातांची मला आता शिसारी येते.

या जानेवारीत 'चिखलाणचा वारस' निघालं. लेखक किशोर आहेर. अर्पणपत्रिका, 'माझ्या एकट्या बालपणास'. एकट्या! एका गोधडीत दोघं झोपायचो आपण, आणि तुझे पाय रात्रभर माझ्या पोटात असायचे. आप्पांचं नाव शोधत मी शेवटच्या कोऱ्या पानापर्यंत गेले. म्हटलं छापायचं राहिलं असेल. दुसऱ्या आवृत्तीत येईल. बघ, किती शहाणी आहे तुझी बहीण.

तरी चोरीपर्यंत मी गिळलं असतं. मुलानं बापाचं घेतलं, घरातल्या घरात राहिलं, असं स्वतःला समजावलं असतं. पण तू गाळ्याचं काय केलंस? तुझ्या पुस्तकात तो बेटांवरची पोरं गिळतो. मुका, बथ्थड, डावा पाय ओढत चालणारा, अंगाला जळक्या तेलाचा वास मारणारा. अरे, चिखलाणात तेल आलं कुठून? तिथं यंत्र नाही, वंगण नाही. तो वास मी ओळखते. साडेतीन वाजता कंपनीतून घरात शिरायचा तो, आणि आई धुण्याच्या सोड्यानं ते कपडे वेगळे धुवायची. ते पान वाचून मी दुकानाच्या मागं जाऊन खरोखर ओकले. आणि शेवटी तुझा तो बारा वर्षांचा वारस त्याच्या नरड्यात भाला खुपसतो, त्याच्या तोंडातून भसाभसा घाण बाहेर पडते आणि सगळा प्रांत आनंदानं नाचतो. हे लिहिताना तुझा हात कसा उठला ते मला जाणून घ्यायचं नाही. खरंच नाही.

आप्पांनी पुस्तक वाचलं. चष्मा लावून, अंगणात खुर्ची टाकून, पेन्सिल हातात घेऊन, अठरा दिवस. मी रोज दुकान उघडण्याआधी जाऊन त्यांचा चेहरा बघून यायचे. वाचून झाल्यावर त्यांनी मला अकरा पानं दिली. तपासणीचा तक्ताच केला होता. पान नंबर, दोष, आणि पुढं शेरा, 'ओके', 'रीवर्क', 'रिजेक्ट'. पान चाळीस, गावाला वेस दाखवली आहे, सरकत्या गावाला वेस कशी? रीवर्क. पान त्र्याण्णव, राजा. चिखलाणात राजा नाही, कारण सिंहासन ठेवायला पक्की जागा नाही. रिजेक्ट. मी म्हटलं, "आप्पा, तुम्हाला राग नाही आला?" ते म्हणाले, "फिनिशिंग चांगलं केलंय त्यानं. माप चुकलंय." मग बराच वेळ पेन्सिलीला टोक काढत बसले. "गाळ्याला मारलं ते चूक झालं. आता गाळ कोण उपसेल? दोन वर्षांत सगळं चिखलाण तुंबेल."

स्वतःबद्दल एक शब्द नाही. पाय ओढण्याबद्दल नाही, वासाबद्दल नाही. त्यांना ते कळलं नसेल असं तुला वाटतं का? ज्या माणसाच्या बोटाला केसाएवढा फरक कळायचा, त्याला?

मी ती अकरा पानं तुला पाठवायला निघाले होते, तेवढ्यात जूनमध्ये तुझी मुलाखत आली. रविवारची पुरवणी, अर्धं पान, रंगीत फोटो. 'नाल्याकाठच्या झोपडीत, अक्षरशत्रू बापाच्या धाकात माझं बालपण गेलं. त्या घरात कधी गोष्ट सांगितली गेली नाही. कामावरून येणाऱ्या बापाच्या वासापासून पळण्यासाठी मी मनातल्या मनात एक पाणथळ मुलूख उभा केला.' नाल्याकाठची झोपडी! किशोर, आपलं घर दोन खोल्यांचं होतं, पक्कं होतं, मागं पेरूचं झाड होतं. पेरू तू चोरून विकायचास म्हणून शेजारच्या विठाबाई तक्रार घेऊन आल्या होत्या. मी फोन केला तर म्हणालास, "ताई, ते त्यांनी फिरवून छापलं गं." मी विश्वास ठेवला. महिन्याभरानं रेडिओवर तुझ्याच आवाजात तेच ऐकलं, शब्दाला शब्द. पुन्हा फोन केला तर म्हणालास, "लोकांना संघर्ष लागतो ताई. लेथवाल्यानं पोरांना छान गोष्टी सांगितल्या, यात काय आहे?" मी फोन ठेवला आणि रिसीव्हर ओल्या फडक्यानं पुसला. तेव्हापासून तुझा फोन घेतला नाही.

मुलाखतीचं पान मी आमच्या घरी दडवलं होतं. आप्पा दाढी करायला सलूनमध्ये गेले, तिथं त्यांनी ते वाचलं. दुकानदाराकडून मागून, घडी करून घरी आणलं, आईपुढं ठेवलं. म्हणाले, "फोटो चांगला आलाय." आईनं ते पान उघडलंच नाही. तिला वाचायला सावकाश लागतं, पण या वेळी तिला वाचायचंच नव्हतं. डाळीच्या डब्याखाली घालून ठेवलं.

आता गेल्या रविवारचं सांगते. हे तुला कुणी सांगितलं नसेल.

तुझा सत्कार करणाऱ्या मंडळाचे कार्यवाह आप्पांकडे आले होते. सुनील नावाचे, तुझ्याच वयाचे, इस्त्रीचा झब्बा, बोलायला नम्र. मी योगायोगानं तिथंच होते. दोन डिसेंबरच्या कार्यक्रमात तुझ्याबरोबर आप्पांचाही सत्कार करायचा, शाल, श्रीफळ, मानपत्र, असं ठरलंय म्हणाले. कल्पना तुझीच होती, हेही सांगितलं. 'ज्या हातांना अक्षर कधी भेटलं नाही त्या हातांना वंदन', असं मानपत्रात लिहिलंय, ते त्यांनी वाचूनही दाखवलं. आप्पांशी ते मोठ्यानं, तोडून तोडून बोलत होते. कादंबरी म्हणजे काय ते त्यांनी आप्पांना समजावलं. "मोठ्ठी गोष्ट असते आजोबा, पुस्तकात लिहिलेली." आप्पा मान डोलवत होते. मी चहाचा ट्रे घेऊन उभी होते.

मग त्यांनी पिशवीतून संमतीचा कागद काढला. येणार असल्याचं लेखी लागतं म्हणाले. आप्पांचा हात सवयीनं खिशाकडं गेला. त्यांच्या खिशाला पेन नाही असा दिवस मी पाहिलेला नाही. पेन अर्धं बाहेर आलं होतं. तेवढ्यात सुनीलरावांनी पिशवीतून जांभळ्या शाईची पत्र्याची डबी काढली, झाकण उघडलं आणि फार समजूतदारपणे म्हणाले, "सहीचं टेन्शन घेऊ नका आजोबा. किशोरसरांनी सांगितलंय आम्हाला. अंगठा चालेल."

आप्पांनी पेन हळूच पुन्हा खिशात दाबलं. म्हणाले, "डावा लागतो ना?"

सुनीलरावांनी त्यांचा अंगठा दोन बोटांच्या चिमटीत धरला. आपल्या बोटांना शाई लागू नये म्हणून मनगट लांब ठेवून. डबीत दाबला, कागदावर डावीकडून उजवीकडं फिरवला, आणि पुसायला रद्दी पेपरचा तुकडा दिला. चहा पिऊन, दोघांच्या पाया पडून गेले. त्या माणसाची काही चूक नाही. त्याला जे सांगितलं ते त्यानं केलं. मी मात्र बोलले नाही. तीस वर्षांची बाई, माझ्या कॉम्प्युटरमध्ये सातही रजिस्टरांची फाईल पडलेली, त्या फाईलवर दोन हजार दोनची तारीख. एक वाक्य पुरलं असतं. ते वाक्य तोंडात घेऊन मी ट्रे धरून उभी राहिले. तुझ्याइतकीच मला मी घाण वाटले त्या क्षणी, आणि अजून वाटते.

आई आतून सगळं बघत होती. तिनं आप्पांना मोरीवर बसवलं आणि रॉकेलचा बोळा घेऊन तो अंगठा घासायला लागली. शाई निघाली, तरी घासत होती. शेवटी आप्पाच म्हणाले, "कुसा, कातडी निघेल आता." तिनं हात सोडला, मोरीत थुंकली आणि जाऊन पीठ मळायला बसली. त्या दिवसापासून तिनं तुझं नाव काढलेलं नाही.

मी आप्पांवर ओरडले. आयुष्यात पहिल्यांदा. म्हटलं, "का दिलात अंगठा? तुम्हाला लिहिता येतं हे त्या माणसाच्या तोंडावर फेकायचं होतं." आप्पा अंगठ्याकडं बघत म्हणाले, "मना पोऱ्या शे तो. चार लोकांत खोटा कसा पाडू?" मी म्हटलं, मग मी पाडते. फाईल छापून सभेत प्रत्येक खुर्चीवर ठेवते. त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि हात जोडले. त्या नजरेत राग नव्हता, विनंती होती. बापानं आपल्यापुढं हात जोडलेले बघणं किती वाईट असतं ते तुला कळायचं नाही, कारण तुझ्यापुढं ते न जोडताच सगळं देतात.

तेव्हा मी खुर्च्यांवर काही ठेवणार नाही. त्यांना शब्द दिलाय. कार्यक्रमालाही मी येणार नाही, आई येणार नाही. आप्पा येतील. त्यांनी पांढरा सदरा धुऊन घेतलाय.

आता हे पत्र कशाला ते सांगते, कारण तुला आपणहून लिहायची माझी अजिबात इच्छा नव्हती. काल संध्याकाळी आप्पा दुकानात आले. त्यांनी पहिल्यांदाच खिशाचं पेन काढून माझ्या टेबलावर ठेवलं, तीन तारखेपर्यंत माझ्याकडंच ठेवायला सांगितलं, आणि तुझ्यासाठी एक निरोप सांगितला. स्वतः का लिहीत नाही, असं मी विचारलं. ते म्हणाले, "पाकिटावर माझं अक्षर कुणी त्याच्याकडं बघितलं तर?" निरोप त्यांच्या शब्दांत देते: 'किशोरला कळव, निर्धास्त ये. स्टेजवर कुणी कागद पुढं केला तरी मी चुकून सही करणार नाही. घरी सराव केलाय. मानपत्र उलटं हातात दिलं तर उलटंच धरेन.' हा निरोप तेवढा त्यांचा. बाकीचं सगळं माझं.

इतकं झाल्यावरही तुझीच, कारण ते पुसायला रॉकेल पुरत नाही,
दीपमाला